ललिता पवार : येवल्याची अंबा आणि पडद्यावरची सासू



स्नेहसंमेलनाचे दिवस जवळ आले की आपल्या सगळ्यांच्या शाळांमध्ये एकच गडबड सुरू होते. कोणत्या वर्गाचं नृत्य, कोणाची नाटिका, आणि मुख्य म्हणजे कोणाला कोणतं काम. ज्या मुलाला झाडाचं किंवा शिपायाचं काम मिळतं, त्याचे पालक दुसऱ्या दिवशी शाळेच्या फाटकाशी उभे असतात. तुमच्याकडेही असंच होत असेल. आमच्याकडे घोटीला तर दरवर्षी होतं.

यंदा आम्ही रामायणातला कैकेयी आणि मंथरेचा प्रसंग घ्यायचं ठरवलं. मंथरेच्या कामासाठी मी आठवीतली एक मुलगी निवडली. आवाज खणखणीत, पाठांतर चोख. दोन दिवसांनी तिची आई शाळेत आली. भाताची कापणी-झोडणी नुकतीच उरकलेली, हातावर अजून ओरखडे होते. ती भांडली नाही. खाली बघत तिने एवढंच विचारलं, की मॅडम, पोरीचा डोळा तसा आहे म्हणून तुम्ही तिला हे काम दिलं का? त्या मुलीच्या एका डोळ्याची पापणी जन्मापासून जरा खाली आहे.

मी लगेच नाही म्हणाले. पण त्या रात्री मला झोप लागली नाही, कारण आपलं उत्तर शंभर टक्के खरं होतं का, हे माझं मलाच सांगता येईना. त्या निमित्ताने मी ज्या बाईविषयी वाचायला घेतलं, तिची माहिती आज तुमच्यासमोर ठेवते आहे. आपल्याच नाशिक जिल्ह्यातली ती लेक. नाव ललिता पवार.

घोटीहून नाशिक ओलांडून निफाड, विंचूर करत गेलं की येवला लागतं. येवला म्हटलं की आपण मुलांना तीन गोष्टी सांगतो : पैठणी, तात्या टोपे यांचं जन्मगाव आणि १९३५ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तिथे केलेली धर्मांतराची घोषणा. चौथी गोष्ट सहसा राहून जाते. १८ एप्रिल १९१६ रोजी याच येवल्यात अंबा जन्मली. वडील लक्ष्मणराव सगुण रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार करायचे. घरात खाऊन-पिऊन सुख होतं, पण मुलीला शाळेत घालायची रीत तेव्हा बहुतेक घरांत नव्हती, आणि अंबाच्या वाट्यालाही रीतसर शाळा आली नाही. आपण पटनोंदणीसाठी वाड्या-वस्त्यांवर फिरतो, तेव्हा ही गोष्ट ध्यानात असावी म्हणून सांगितली.

वडिलांबरोबर ती पुण्याला गेली असताना तिथे मूकपटाचं चित्रीकरण चाललेलं तिने पाहिलं. नानासाहेब सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीचे ते दिवस. बघायला आलेली ही चुणचुणीत पोर त्यांच्या नजरेत भरली आणि तिला काम मिळालं. घरून आधी विरोध, मग परवानगी, असं झालं. पगार महिना अठरा रुपये होता असं सांगतात. १९२८ च्या सुमाराला ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात ती बालकलाकार म्हणून पडद्यावर आली.

इथे एक गंमत मुलांना जरूर सांगा. याच नावाचा चित्रपट दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली काढला होता. फाळके आपल्या त्र्यंबकेश्वरचे, म्हणजे आमच्या घोटीचे शेजारीच. त्यांना तारामतीच्या कामासाठी बाई मिळेना, शेवटी अण्णा साळुंके या पुरुषाला साडी नेसवावी लागली. त्यानंतर जेमतेम पंधरा वर्षांनी त्याच जिल्ह्यातली एक मुलगी त्याच नावाच्या चित्रपटात कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. मधल्या काळात दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकींनी वाट पाडून दिली होती, हे खरं. तरीही चांगल्या घरच्या मुलीने सिनेमात जाणं ही तेव्हा चारचौघांत सांगायची गोष्ट नव्हती.

अंबाची पुढे ललिता झाली आणि नायिका झाली. होय, नायिका. आपल्यापैकी बहुतेकांनी त्यांना फक्त सासू म्हणून पाहिलंय, त्यामुळे हे ऐकायला विचित्र वाटतं. पण मूकपटांच्या शेवटच्या वर्षांत त्या घोड्यावर बसणाऱ्या, मारामारी करणाऱ्या, तलवार चालवणाऱ्या नायिका होत्या. त्यांचे पहिले पती गणपतराव पवार दिग्दर्शक होते. त्यांनी केलेला १९३१ सालचा ‘दिलेर जिगर’ हा मूकपट सुदैवाने टिकून राहिला आहे. त्या काळातले बहुतेक मूकपट जळून, सडून किंवा भंगारात जाऊन संपले, उरलेत ते फार थोडे. त्या थोड्यांत ही आपली येवल्याची मुलगी आहे.

१९३२ मध्ये ‘कैलास’ या चित्रपटात त्यांनी काम तर केलंच, शिवाय निर्मितीतही भाग घेतला. वय वर्षं सोळा! आपल्या दहावी-अकरावीच्या मुली डोळ्यांसमोर आणून बघा. १९३८ मध्ये टॉलस्टॉयच्या कादंबरीवर आधारलेला ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनी काढला. बोलपट आल्यावर ज्यांना गाता येत नव्हतं अशा कित्येक नट-नट्यांचं काम गेलं. ललिताबाईंनी ‘हिम्मत-ए-मर्दां’ (१९३५) मध्ये स्वतः गायलं. मराठीत भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’, वि. स. खांडेकरांच्या लेखणीतून उतरलेला ‘अमृत’, ‘संत दामाजी’, ‘गोरा कुंभार’ असे चित्रपट होत गेले. पंचविशीत पोचलेली, नाव झालेली, दोन्ही भाषांत मागणी असलेली नायिका. पुढचा रस्ता सरळ दिसत होता.

आता ती थप्पड.

१९४२ चा सुमार. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचं चित्रीकरण चालू होतं. प्रसंग असा होता की नायकाने तिच्या थोबाडीत मारायची. समोर होते मास्टर भगवान, म्हणजे पुढे ‘अलबेला’मुळे घराघरांत पोचलेले भगवानदादा. नाटका-सिनेमात थप्पड मारायची एक रीत असते. हात गालापर्यंत येतो, पण जोर आधीच काढून घेतलेला असतो. त्या दिवशी जोर राहिला आणि हात खरोखरच बसला. मुद्दाम कोणीच काही केलं नव्हतं. पण ललिताबाईंच्या चेहऱ्याच्या डाव्या बाजूला लकवा मारला. उपचार लांबत गेले. चेहरा बराचसा सावरला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक राहिला.

इथे थोडं थांबते, कारण आपण सगळे शिक्षक आणि पालक आहोत. शिक्षण हक्क कायदा २००९ चा आहे, त्याच्या कलम १७ नुसार शाळेत मुलांना शारीरिक शिक्षा करता येत नाही, हे आपल्याला पाठ आहे. पण त्याआधी नोकरीला लागलेल्या आपल्यापैकी कितीजणांचा हात उठलेला आहे? माझा उठलेला आहे. एकदा गालावर, एकदा कानाजवळ. त्या मुलांचं काही बिघडलं नाही, ती आता मोठी झाली, रस्त्यात भेटली की नमस्कार करतात. ते माझं नशीब. ज्या गोष्टीत मारणाऱ्याच्या मनात राग नव्हता, उलट मारण्याचं नाटक करायचं होतं, तिथेही एका हाताने एवढं झालं. रागाने उठलेल्या हाताचं काय सांगावं! घरी पालकांनीही याचा विचार करावा. असो, मूळ विषयाकडे येते.

नायिकेचा चेहरा म्हणजे तिचं भांडवल. तेच गेलं. चित्रपटसृष्टी कोणासाठी थांबत नाही, तशी ती यांच्यासाठीही थांबली नाही. अशा वेळी माणूस काय करतो? घरी बसतो, नाहीतर जुने फोटो बघत राहतो. ललिताबाई परत कामावर गेल्या. फक्त आता दार वेगळं होतं. नायिकेच्या दाराऐवजी चरित्र भूमिकांच्या दाराने त्या आत आल्या. १९४४ च्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्यांनी आनंदीबाई केली. इतिहास शिकवणाऱ्यांना आनंदीबाई म्हटलं की ‘ध’चा ‘मा’ आठवणारच. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधल्या खुनाशी जोडलेली ती दंतकथा आपण वर्गात रंगवून सांगतो. पडद्यावर ती बाई उभी करायला नजरेत जे लागतं, ते आता ललिताबाईंकडे होतं.

हा मुद्दा जरा नीट समजून घ्या, कारण इथेच त्यांचं खरं मोठेपण आहे असं मला वाटतं. त्यांनी डोळा लपवला नाही. चेहरा एका बाजूला वळवून, पदर पुढे ओढून, सावलीत उभं राहून त्या काम करू शकल्या असत्या. त्यांनी त्या बारीक डोळ्याचाच वापर केला. बोलता बोलता थांबायचं, मान किंचित तिरकी करायची आणि त्या डोळ्याने सुनेकडे बघायचं. संवादाची गरजच उरत नसे. पण लोक म्हणतात तसं सगळं श्रेय डोळ्यालाही देता येत नाही. नुसत्या डोळ्यावर कुणी पुढची पाच दशकं कामं मिळवत नाही. आवाजाची फेक, एकेक शब्द चावून बोलणं, हातवारे, पदर खोचण्याची तऱ्हा, हे सगळं मूकपटापासून कमावलेलं होतं. मूकपटात शब्द नसतात, सगळं अंगानेच सांगावं लागतं. ती शिदोरी इथे कामी आली.

१९४८ चा ‘गृहस्थी’, मग १९५० चा व्ही. शांताराम यांचा ‘दहेज’. ‘दहेज’मध्ये हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू त्यांनी अशी केली की बायाबापड्या थिएटरात त्यांना शिव्या घालत. चित्रपट हुंड्याच्या विरोधात होता, आणि तो लोकांच्या मनावर ठसायचा तर सासूची चीड यायलाच हवी होती. म्हणजे शिव्या हीच पावती. पण ही पावती घेऊन घरी जाणं सोपं नसणार. हळूहळू त्यांचं नावच एक विशेषण झालं. आजही आपल्याकडे एखादी सासू खाष्ट असली की तिला लोक काय म्हणतात, ते तुम्हाला ठाऊक आहेच. माझ्या आजीने तर त्यांचा एकही चित्रपट पूर्ण बघितलेला नव्हता, तरी आमच्या एका चुलत आजीला ती याच नावाने ओळखायची.

तुम्ही म्हणाल, म्हणजे त्या फक्त दुष्ट सासवाच करायच्या. तसं मुळीच नाही, आणि हे मुलांना दाखवण्यासारखं आहे. ‘दाग’ (१९५२) मध्ये त्या दारूच्या आहारी गेलेल्या मुलाची आई आहेत. मुलगा म्हणजे दिलीपकुमार. दारूने घर कसं पोखरतं हे आपल्या भागात कुणाला वेगळं सांगायला नको. ती आई बघताना माझ्या डोळ्यांसमोर आमच्या वर्गातल्या तीन-चार मुलांच्या आया आल्या. ‘श्री ४२०’ (१९५५) मध्ये त्या मुंबईच्या फुटपाथवर केळी विकणाऱ्या गंगामाई आहेत. नोकरीसाठी आलेला राज कपूर त्यांच्याशी केळ्यांच्या भावावरून घासाघीस करतो, आणि बघता बघता ही बाई त्याची शहरातली आई होऊन जाते. आवाज तसाच करडा, डोळा तोच. पण आता त्याच डोळ्यातून माया दिसते. त्याच वर्षीच्या गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये त्या पुरुषांचा राग करणारी श्रीमंत आत्या झाल्या. एका वर्षात दोन टोकं.

मला स्वतःला सगळ्यात आवडतो तो १९५९ चा ‘अनाडी’. दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. त्यात ललिताबाई घरमालकीण मिसेस डिसा आहेत. तोंडाने फटकळ, भाडं थकलं की आरडाओरडा करणारी, आणि मनाने इतकी हळवी की भाडेकरू उपाशी झोपू नये म्हणून जीव टाकणारी. पुढे भेसळीच्या औषधाने तिचा जीव जातो आणि सगळी गोष्टच बदलते. गोष्टीतली नायिका नूतन आहे, नायक राज कपूर आहे, पण चित्रपट संपल्यावर आठवत राहते ती मिसेस डिसा. या भूमिकेसाठी ललिताबाईंना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला. हृषीकेश मुखर्जींनी १९७१ च्या ‘आनंद’मध्ये त्यांना परत बोलावलं आणि हॉस्पिटलच्या मेट्रनचं काम दिलं. त्या मेट्रनचं आडनावही डिसाच ठेवलं. हा योगायोग नसावा, असं आपलं मला वाटतं.

आणखी एक सांगते. १९६१ च्या ‘जंगली’त त्या घरात कुणाला हसूही न देणाऱ्या आई आहेत. १९६२ च्या ‘प्रोफेसर’मध्ये तर कमाल आहे. कडक शिस्तीची प्रौढ पालक, घरातल्या मुलींना शिकवायला म्हातारा प्राध्यापकच हवा असा तिचा हट्ट. तरुण शम्मी कपूर म्हाताऱ्याचं सोंग घेऊन येतो, आणि ही कडक बाईच त्याच्यावर भाळते! आरशासमोर उभी राहून लाजणारी ललिता पवार बघितली की हसता हसता मधेच घशात काहीतरी अडकतं. जिला सगळ्यांनी दगड समजून टाकलं, तिलाही कुणीतरी आवडू शकतं, हे त्या काही न बोलता सांगून जातात. रविवारी घरी सगळ्यांनी मिळून बघावा असा चित्रपट आहे. गाणीही छान आहेत.

आता मंथरेकडे येते, कारण सुरुवात तिच्यापासून झाली होती. मंथरा त्यांनी दोनदा केली. एकदा १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’ या चित्रपटात, आणि दुसऱ्यांदा रामानंद सागर यांच्या दूरदर्शनवरच्या ‘रामायण’ मालिकेत. ही मालिका २५ जानेवारी १९८७ ला सुरू झाली. दर रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे. आमच्या आळीत एकाच घरात टीव्ही होता. त्या ओटीवर, खिडकीत, दारात माणसं दाटलेली असायची. अरुण गोविल आणि दीपिका चिखलिया यांना लोक हात जोडायचे. आणि मंथरा कैकेयीच्या दालनात शिरली की आमची आत्या बोटं मोडायची. सत्तरी ओलांडलेल्या त्या बाईने पाठीत वाकून, काठी टेकत, पन्नास-साठ वर्षांचा सगळा अनुभव त्या थोड्या भागांत ओतला होता. मार्च २०२० मध्ये टाळेबंदीत मालिका परत दाखवली, तेव्हा आपल्या आजच्या मुलांनीही ती पाहिली. माझ्या वर्गाला मंथरा माहीत आहे ती पुस्तकातून नाही, ललिताबाईंमुळे.

रामाची गोष्ट मंथरेशिवाय पुढे सरकतच नाही, हे तर आपण जाणतोच. ती बोलली नाही तर वनवास नाही, आणि वनवास नाही तर रामायण नाही. नाटिका बसवताना मी हे मुलांना सांगितलं होतं. त्या आईला सांगायचं मात्र राहून गेलं होतं.

खासगी आयुष्यात त्यांना बरंच सोसावं लागलं. पहिला संसार मोडला, तोही घरातल्याच माणसाने दगा दिल्यामुळे. पुढे निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी लग्न झालं. काम मात्र कधी थांबलं नाही. सगळे मिळून चित्रपट सातशेच्या घरात जातात असं मानलं जातं. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट आणि टीव्ही, एवढ्या सगळ्या पायऱ्या एकाच माणसाने चढल्याची उदाहरणं फार नाहीत. शेवटची वर्षं त्या पुण्यात औंधला होत्या. तोंडाच्या कर्करोगाने गाठलं होतं. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या घरात एकट्या असताना गेल्या. पती आजारपणामुळे रुग्णालयात होते. त्यांच्या जाण्याची बातमी लगेच कुणाला कळलीसुद्धा नाही. ज्या शहरात लहानपणी चित्रीकरण बघायला गेल्या होत्या, त्याच शहरात शेवट झाला.

हे सगळं वाचून झाल्यावर मी त्या मुलीच्या घरी गेले. आईला मोबाइलवर आधी ‘अनाडी’तला एक प्रसंग दाखवला, मग मंथरेचा. दोन्ही बाया एकच आहेत हे तिला आधी पटेना. मग डोळा बघितला आणि ओळखलं. बराच वेळ ती काही बोलली नाही. मी तिला खरं तेच सांगितलं, की मी निवड आवाज ऐकून केली असं मला वाटतं, पण डोळा माझ्या मनात अजिबात नव्हता अशी शपथ मला घेता येणार नाही. हेही सांगितलं की पोरीला कैकेयी करायची असेल तर तीही तिला झेपेल, आणि ठरवायचं तिने. मुलगी दाराआडून ऐकत होती. तिने फक्त मंथरेचा तो भाग परत लावायला सांगितला. तीनदा बघितला.

तालीम शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर आहे. यादीत मंथरा आणि कैकेयी या दोन्ही नावांपुढची जागा मी सध्या कोरी ठेवली आहे.